लघुग्रह, दीर्घिका आणि त्यांची अंतरं: मुंबईकरांकडून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आकाशदर्शनाच्या कार्यक्रमात, शाळेच्या सभागृहात किंवा सोसायटीच्या गच्चीवर दुर्बीण लावली, की खालचे प्रश्न हमखास येतात. एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो. बातम्यांमध्ये नावाला जेवढा मान मिळतो, तेवढा खगोलशास्त्रात मिळत नाही. आधी जागा मोजायची, मग कक्षा काढायची, अंतर ठरवायचं. नाव येतं सगळ्यात शेवटी, आणि कित्येकदा येतही नाही. म्हणून इथली बरीचशी उत्तरं मोजण्याबद्दल आहेत.

एखाद्या लघुग्रहाचा ‘शोध लागला’ असं नेमकं कधी म्हणतात?

ठिपका दिसला म्हणजे शोध लागला, असं नाही. चांगल्या दुर्बिणीतूनही लघुग्रह ताऱ्यासारखाच टिंबाएवढा दिसतो. फरक एवढाच, की तो आजूबाजूच्या ताऱ्यांमधून सरकतो. म्हणून आकाशाच्या एकाच तुकड्याचे थोड्या थोड्या वेळानं तीन-चार फोटो घेतात आणि संगणकावर ते एकामागून एक झरझर दाखवतात. तारे जागचे हलत नाहीत. एखादं टिंब मात्र सरळ रेषेत, सारख्या अंतरानं पावलं टाकताना दिसतं. मंगळ आणि गुरू यांच्यामधल्या पट्ट्यातला लघुग्रह प्रतियुतीच्या, म्हणजे तो आकाशात सूर्याच्या विरुद्ध दिशेला असतो त्या सुमारास दिवसाला साधारण पाव अंश सरकतो, म्हणजे पौर्णिमेच्या चंद्रबिंबाच्या निम्म्याइतका.

ते टिंब कॅमेऱ्यातला दोष असू शकतं, कृत्रिम उपग्रह असू शकतं, किंवा आधीच माहीत असलेला लघुग्रह असू शकतं. त्यामुळे प्रत्येक फोटोतली त्याची जागा मोजून अमेरिकेतल्या केंब्रिजच्या मायनर प्लॅनेट सेंटरकडे पाठवतात. दुसऱ्या रात्री तो पुन्हा सापडला, आणि जुन्या कुठल्याही कक्षेत बसला नाही, तर त्याला तात्पुरतं नामांकन मिळतं. खरी कसोटी त्यापुढे असते: हा लघुग्रह पुढच्या वर्षी, त्याच्या पुढच्या वर्षी कुठे असेल ते सांगता आलं पाहिजे आणि तो तिथे दिसला पाहिजे.

पहिल्याच लघुग्रहानं हा धडा दिला. १ जानेवारी १८०१ रोजी पालेर्मोच्या वेधशाळेत जुझेप्पे पियाझ्झी यांना सेरेस दिसला. ११ फेब्रुवारीपर्यंत त्यांनी त्याचे वेध घेतले, मग ते आजारी पडले आणि पुढे सेरेस सूर्याच्या उजेडात हरवला. हातात होत्या फक्त चाळीसेक दिवसांच्या नोंदी. चोवीस वर्षांच्या कार्ल गाउस यांनी तेवढ्या नोंदींवरून कक्षा काढण्याची नवी रीत शोधली आणि सेरेस कुठे असेल ते सांगितलं. ३१ डिसेंबर १८०१ च्या रात्री तो जवळपास तिथेच सापडला. सेरेसच्या शोधाचं श्रेय पियाझ्झींच्या नावावर आहे ते योग्यच. पण गाउस नसते तर तो पुन्हा कधी हाती लागला असता, कोण जाणे.

मुंबईच्या गच्चीवरून नवा लघुग्रह सापडू शकतो का?

उगाच आशा लावत नाही: जवळपास अशक्य. आज हे काम हवाईतली पॅन-स्टार्स, ॲरिझोनातली कॅटलिना यांसारखी सर्वेक्षणं करतात. चिलीतल्या व्हेरा रुबिन वेधशाळेनं जून २०२५ मध्ये पहिली चित्रं दाखवली, तेव्हा सुमारे दहा तासांच्या निरीक्षणांत २,१०४ नवे लघुग्रह सापडल्याचं जाहीर केलं. दादर-अंधेरीच्या उजेडातून त्यांच्याशी शर्यत लावण्यात अर्थ नाही.

माहीत असलेला लघुग्रह मात्र मुंबईतूनही पाहता येतो, आणि आमच्या मते सुरुवात तिथूनच करावी. व्हेस्टा हा सर्वांत तेजस्वी लघुग्रह. प्रतियुतीच्या वेळी तो साध्या द्विनेत्रीतून, म्हणजे बायनॉक्युलरमधून, उपनगरातल्या गच्चीवरूनही सापडतो. त्या भागातल्या ताऱ्यांचं चित्र पेन्सिलीनं वहीत काढा. दोन-तीन रात्रींनी तेच पुन्हा काढा. एक तारा हललेला दिसेल. स्वतःच्या दोन चित्रांमधला तो फरक बघताना जे वाटतं, ते कुठल्याही फोटोनं वाटत नाही.

आणि दुर्बीण मुंबईतच असली पाहिजे असंही नाही. पवईच्या आयआयटीतले खगोलशास्त्रज्ञ लडाखमधल्या हान्ले इथली ‘ग्रोथ-इंडिया’ ही ७० सेंटिमीटरची दुर्बीण बंगळुरूच्या भारतीय खगोलभौतिकी संस्थेबरोबर चालवतात. पृथ्वीजवळून जाणाऱ्या लघुग्रहांचा पाठलाग हे तिच्या कामांपैकी एक आहे. पवईत पाऊस कोसळत असतानाही हान्लेचं आकाश मोकळं असू शकतं.

‘शाळकरी मुलानं लघुग्रह शोधला’ अशा बातम्या येतात. त्या खऱ्या असतात का?

बहुतेक खऱ्या असतात, पण अर्ध्याच सांगितलेल्या असतात. अमेरिकेतून चालणारा ‘इंटरनॅशनल ॲस्ट्रॉनॉमिकल सर्च कोलॅबरेशन’ हा उपक्रम शाळा-महाविद्यालयांना पॅन-स्टार्सचे फोटो मोफत देतो. मुलं ‘ॲस्ट्रोमेट्रिका’ या सॉफ्टवेअरमध्ये चार-चार फोटो आलटूनपालटून बघतात, सरकणारं टिंब हेरतात आणि त्याच्या जागेचा अहवाल पाठवतात. त्यातून मिळतो तो ‘प्राथमिक शोध’. पुढे तात्पुरतं नामांकन, मग क्रमांक, मग नाव, या प्रवासाला अनेक वर्षं लागतात. बातमी छापली जाते ती पहिल्या पायरीला.

दुसरा प्रकार म्हणजे ‘मुंबईच्या विद्यार्थिनीचं नाव लघुग्रहाला’. हा वेगळाच मामला. लिनिअर या अमेरिकी सर्वेक्षणानं शोधलेल्या लघुग्रहांना आंतरराष्ट्रीय विज्ञान स्पर्धांतल्या विजेत्या मुलांची नावं दिली जातात. त्या मुलांनी तो लघुग्रह शोधलेला नसतो. त्यांच्या विज्ञान प्रकल्पाचा तो गौरव असतो. दोन्ही गोष्टी अभिमानाच्याच. पण त्यांची गल्लत केली, की पुढे खरोखर टिंब हेरणाऱ्या मुलाचं काम झाकोळतं.

‘२००६ व्हीपी३२’ असली नावं वाचायची कशी?

हे नाव नाही, तात्पुरतं नामांकन आहे, आणि त्यात शोधाची तारीख दडलेली असते. आपण हेच उदाहरण उलगडू.

२००६ हे शोधाचं वर्ष. पहिलं अक्षर पंधरवडा सांगतं: ए म्हणजे १ ते १५ जानेवारी, बी म्हणजे उरलेला जानेवारी, आणि असंच पुढे. आय हे अक्षर एकच्या आकड्यासारखं दिसतं म्हणून वगळलेलं आहे. या हिशेबानं व्ही म्हणजे १ ते १५ नोव्हेंबर. दुसरं अक्षर त्या पंधरवड्यातला अनुक्रम सांगतं. आय सोडून पंचवीस अक्षरं उरतात, त्यांत पी पंधरावं. पंचवीस अक्षरं संपली की पुन्हा ए पासून सुरुवात, आणि किती फेऱ्या झाल्या तो आकडा शेवटी. इथे ३२ फेऱ्या. बत्तीस गुणिले पंचवीस म्हणजे ८००, अधिक १५. म्हणजे नोव्हेंबर २००६ च्या पहिल्या पंधरवड्यात नोंदला गेलेला हा ८१५ वा लघुग्रह.

तो ११ नोव्हेंबर २००६ ला सापडला. आज त्याला क्रमांक आहे ३००१२८ आणि नाव आहे पंडितजसराज. २०१९ मध्ये हे नाव जाहीर झालं, तेव्हा पंडितजी हयात होते. क्रमांकातल्या दोन-दोन अंकांच्या जोड्या उलट क्रमानं लावल्या तर २८-०१-३० येतं, ही पंडित जसराज यांची जन्मतारीख. मंगळ आणि गुरू यांच्या मधल्या पट्ट्यात तो फिरतो आहे.

क्रमांक कधी मिळतो, आणि नाव कोण ठरवतं?

कक्षा पक्की झाली की क्रमांक. पट्ट्यातल्या लघुग्रहासाठी साधारण चार प्रतियुतींमधली निरीक्षणं लागतात, म्हणजे चार-पाच वर्षं सहज जातात. क्रमांक मिळाल्यानंतर शोधणाऱ्याला दहा वर्षांपर्यंत नाव सुचवण्याचा हक्क असतो. अंतिम मान्यता आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्र संघाच्या एका समितीची.

नियम साधे आहेत. नाव रोमन लिपीत सोळा अक्षरांपर्यंत, शक्यतो एका शब्दात, उच्चारता येईल असं आणि आधीच्या नावाशी गोंधळ न होणारं. राजकारणी आणि लष्करी व्यक्तींची नावं त्यांच्या मृत्यूला शंभर वर्षं झाल्याशिवाय चालत नाहीत. जाहिरात करणारी नावं चालत नाहीत. पाळीव प्राण्यांची नावं देऊ नयेत असा आग्रह असतो. पृथ्वीजवळ येणाऱ्या लघुग्रहांना पुराणकथांतली नावं देण्याची प्रथा आहे. शंभर वर्षांची ती अट आम्हाला फार शहाणपणाची वाटते. तेवढ्या काळात कोण उरतं आणि कोण विसरलं जातं ते आपोआप ठरतं.

आज चौदा लाखांहून जास्त लघुग्रह माहीत आहेत. नाव मिळालेले त्यांतले अगदी थोडे, पंचवीस हजारांच्या आसपास.

भारतातून लघुग्रह शोधले गेले आहेत का?

हो, आणि फार पूर्वीपासून. मद्रास वेधशाळेत नॉर्मन पॉगसन यांनी १८६१ मध्ये ६७ वा लघुग्रह शोधला आणि त्याला ‘एशिया’ हे नाव दिलं, कारण आशिया खंडातून सापडलेला तो पहिला लघुग्रह होता. ताऱ्यांच्या तेजस्वितेची प्रत मोजताना आपण आजही पॉगसन यांचीच पट्टी वापरतो. नंतर मोठा खंड पडला. १९८८ च्या फेब्रुवारीत तमिळनाडूतल्या कावलूर वेधशाळेतून आर. राजमोहन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक लघुग्रह शोधला. तो आज ४१३० रामानुजन म्हणून ओळखला जातो.

भारतीयांच्या नावाचे, पण परदेशात सापडलेले, लघुग्रह बरेच आहेत. सुब्रह्मण्यन चंद्रशेखर यांच्यावरून १९५८ चंद्रा, ५१८२६ कल्पनाचावला, विश्वनाथन आनंद यांच्यावरून ४५३८ विशीआनंद. विशीआनंदमधलं ४५३८ आणि चंद्रामधलं १९५८ हे क्रमांक आहेत, सालं नव्हेत. इथे बरेच जण फसतात.

पैसे भरून ताऱ्याला किंवा लघुग्रहाला नाव देता येतं का?

नाही. प्रमाणपत्र, नकाशा, सोनेरी शिक्का असं काहीही मिळालं तरी ते नाव विकणाऱ्याच्या वहीबाहेर कुणीही मानत नाही. खगोलशास्त्र संघ नावं विकत नाही. वाढदिवसाला तेवढ्याच पैशात मुलाला चांगली द्विनेत्री येते. ती द्या.

लोकांनी सुचवलेली नावं कधीकधी खरोखर दिली जातात, पण तीही फुकट. २०१९ मध्ये संघानं देशोदेशींच्या लोकांना तारे आणि त्यांचे ग्रह वाटून दिले. भारताच्या वाट्याला आलेल्या ताऱ्याचं नाव ठरलं ‘बिभा’ आणि त्याच्या ग्रहाचं ‘संतमस’. बिभा चौधरी या वैश्विक किरणांवर काम करणाऱ्या भौतिकशास्त्रज्ञ, टाटा मूलभूत संशोधन संस्थेत, म्हणजे टीआयएफआरमध्ये संशोधन करणाऱ्या पहिल्या महिला. ज्या मुंबईत त्यांनी काम केलं, तिथे त्यांचं नाव आजही किती जणांना माहीत आहे?

प्लूटोलाही क्रमांक आहे म्हणतात, खरं का?

खरं. २००६ मध्ये त्याची गणना बटुग्रहांत झाली आणि त्याला १३४३४० हा क्रमांक मिळाला. नाव गेलं नाही, आणि प्लूटोही कुठे गेलेला नाही.

लघुग्रह किती दूर आहे, हे कळतं कसं?

विरार लोकलच्या खिडकीत बसलात, की रुळाकाठचे खांब झपकन मागे जातात आणि लांबचा डोंगर जागचा हलत नाही. आपण जागा बदलली, की जवळची वस्तू जास्त सरकलेली दिसते. या सरकण्याला पराशय म्हणतात आणि तो कोनात मोजता येतो.

आकडे घालून बघू. मुंबई ते हान्ले सरळ अंतर साधारण १,६०० किलोमीटर. समजा चंद्राच्या दहापट अंतरावरून, म्हणजे सुमारे ३८ लाख किलोमीटरवरून एक लघुग्रह चालला आहे आणि दोन्ही ठिकाणांहून एकाच क्षणी त्याचा फोटो घेतला. मागच्या ताऱ्यांच्या तुलनेत दोन फोटोंत तो फार तर दीड कलेनं वेगळ्या जागी दिसेल. एका अंशाचे साठ भाग म्हणजे कला. दीड कला साध्या दुर्बिणीच्या फोटोवरही मोजता येते, म्हणजे हा प्रयोग दोन शहरांतल्या दोन महाविद्यालयांना सहज करता येण्यासारखा आहे. तोच लघुग्रह २५ कोटी किलोमीटरवरच्या पट्ट्यात असेल, तर फरक उरतो जेमतेम सव्वा विकला. विकला म्हणजे कलेचा साठावा भाग. मुंबईच्या थरथरत्या हवेत ताऱ्याचं बिंबच त्याहून मोठं पसरतं.

म्हणून पट्ट्यातल्या लघुग्रहांसाठी वेगळा रस्ता. त्यांच्या जागा आठवडे आणि महिने मोजत राहायच्या. तेवढ्या काळात पृथ्वीच कोट्यवधी किलोमीटर पुढे गेलेली असते आणि आपल्याला आयतीच लांबलचक आधाररेषा मिळते. या जागांवरून कक्षा निघते आणि केप्लर यांच्या नियमांनी कुठल्याही दिवशीचं अंतर काढता येतं. जवळून जाणाऱ्या लघुग्रहांवर रडारच्या लहरी सोडून परतीचा वेळही मोजतात. ती रीत सगळ्यात नेमकी.

इतिहासात हे गणित उलट दिशेनंही वापरलं गेलं. १८९८ मध्ये सापडलेला एरॉस पृथ्वीच्या बराच जवळ येतो. १९००-०१ आणि १९३०-३१ मध्ये जगभरच्या वेधशाळांनी मिळून त्याचा पराशय मोजला आणि त्यावरून पृथ्वी-सूर्य अंतर ठरवलं. आज हे अंतर १४,९५,९७,८७०.७ किलोमीटर असं निश्चित केलेलं आहे. पुढे ताऱ्यांची आणि दीर्घिकांची जी अंतरं येतात, त्या सगळ्यांच्या पायाशी हाच आकडा आहे.

२०२५ मध्ये एक लघुग्रह आदळण्याची शक्यता आधी वाढली आणि मग संपली. शास्त्रज्ञांचं चुकलं होतं का?

अजिबात नाही. तो २०२४ वायआर४. २७ डिसेंबर २०२४ रोजी चिलीतल्या ॲटलस दुर्बिणीला सापडला, आकार साधारण ६० मीटर. २२ डिसेंबर २०३२ रोजी तो पृथ्वीवर आदळण्याची शक्यता फेब्रुवारी २०२५ मध्ये तीन टक्क्यांच्या वर गेली. संभाव्य पट्ट्यात अरबी समुद्र आणि दक्षिण आशियाही होते, त्यामुळे मुंबईत घबराट पसरवणारे संदेश मोबाइलवर फिरले.

नेमकं काय झालं ते समजून घ्या. थोड्या दिवसांच्या निरीक्षणांवरून २०३२ मधली एकच जागा सांगता येत नाही. तो जिथे असू शकेल अशी एक लांब रेषा मिळते. त्या रेषेवर पृथ्वीचा तुकडा येत होता. निरीक्षणं वाढली तशी रेषा आखूड झाली, पृथ्वी मात्र अजून रेषेतच होती. साहजिकच उरलेल्या रेषेत पृथ्वीचा वाटा वाढला आणि टक्केवारी चढली. आणखी निरीक्षणांनी रेषा एवढी आखडली, की पृथ्वी तिच्या बाहेर पडली आणि शक्यता जवळपास शून्यावर आली. मोजमाप सुधारतं तेव्हा आकडे असेच हलतात. आकडा वाढतोय म्हणजे संकट वाढतंय, असा अर्थ काढू नये.

दीर्घिकांना लघुग्रहांसारखी नावं का नसतात?

कारण दीर्घिकांना, म्हणजे अब्जावधी ताऱ्यांच्या प्रचंड समूहांना, नाव देण्याची तशी व्यवस्थाच नाही. बहुतेकींना यादीतला क्रमांक असतो. देवयानी (अँड्रोमेडा) दीर्घिका मेसिए यांच्या अठराव्या शतकातल्या यादीत एम३१ आहे, आणि ड्रायर यांच्या १८८८ च्या एनजीसी यादीत २२४. आताच्या सर्वेक्षणांत कोट्यवधी दीर्घिका आहेत आणि त्यांची नावं म्हणजे आकाशातले अक्षांश-रेखांश. काही नावांत अंतराचा अंदाजही येतो. जेड्स-जीएस-झेड१४-० हे नाव घ्या: जेड्स हे सर्वेक्षण, जीएस हा आकाशाचा तुकडा, झेड१४ म्हणजे तिची ताम्रसृती, म्हणजे तिचा प्रकाश वाटेत किती ताणला गेला त्याचं माप, चौदाच्या घरात.

शोधणारे प्रेमानं नावं ठेवतात आणि ती रूढ होतात. २०१७ मध्ये पुण्याच्या आयुका आणि आयसर या संस्थांतल्या शास्त्रज्ञांना मीन राशीच्या दिशेला, सुमारे चार अब्ज प्रकाशवर्षांवर दीर्घिकांचा एक प्रचंड महासमूह सापडला. त्याचं नाव त्यांनी सरस्वती ठेवलं. २०२५ मध्ये टीआयएफआरच्याच पुण्यातल्या एनसीआरए केंद्रातल्या राशी जैन आणि योगेश वाडदेकर यांनी जेम्स वेब दुर्बिणीच्या चित्रांतून एक सर्पिल दीर्घिका शोधली, विश्वाचं वय सुमारे दीड अब्ज वर्षं असतानाची. इतक्या लवकर एवढी नीटनेटकी सर्पिल दीर्घिका घडेल अशी अपेक्षा नव्हती. तिचं नाव अलकनंदा.

मुंबईत बसून दीर्घिकांच्या शोधात भाग घेता येतो का?

येतो, आणि लघुग्रहांपेक्षा जास्त वाव इथे आहे. मुंबई विद्यापीठाच्या कलिना संकुलातल्या ‘सेंटर फॉर एक्सलन्स इन बेसिक सायन्सेस’मधले आनंद होता ‘रॅड ॲट होम’ हा उपक्रम चालवतात. विज्ञान शिकलेल्या कुणालाही ते प्रशिक्षण देतात आणि रेडिओ दुर्बिणींच्या नकाशांतल्या विचित्र आकाराच्या दीर्घिका शोधायला लावतात. अशा निरीक्षकांनी हेरलेल्या काही दीर्घिकांचा नारायणगावजवळच्या जीएमआरटी दुर्बिणीनं सविस्तर अभ्यास झाला आहे आणि त्यावर शोधनिबंधही निघाले आहेत.

देवयानी दीर्घिका २५ लाख प्रकाशवर्षं दूर आहे, हे कुणी आणि कसं मोजलं?

इतक्या अंतरावर पराशय पार निरुपयोगी. इथे प्रकाशावरून अंतर काढावं लागतं. दिवा मुळात किती तेजस्वी आहे ते माहीत असेल, तर तो किती मंद दिसतो त्यावरून तो किती दूर आहे ते कळतं: दहापट दूर गेला, की शंभरपट मंद. अडचण एकच, ताऱ्याचं मूळ तेज कळणार कसं?

ती किल्ली हेन्रिएटा लेविट यांनी दिली. हार्वर्ड वेधशाळेत काचेच्या फोटोप्लेटा तपासताना त्यांना दिसलं, की काही तारे ठरावीक दिवसांनी उजळतात आणि मंदावतात, आणि ज्याची आवर्तनं सावकाश तो मुळात जास्त तेजस्वी. १९१२ मध्ये त्यांनी लहान मॅजेलनी मेघातल्या पंचवीस ताऱ्यांवरून हा नियम मांडला. वृषपर्वा तारकासमूहातल्या एका ताऱ्यावरून यांना सेफीड म्हणतात. दिवस मोजा, मूळ तेज कळेल. दिसणारं तेज मोजा, अंतर कळेल.

ऑक्टोबर १९२३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या माउंट विल्सनवर एडविन हबल यांनी १०० इंची दुर्बिणीनं देवयानीचे फोटो घेतले. एका प्लेटेवर त्यांनी तीन टिंबांपाशी ‘एन’ लिहिलं होतं, नवतारा या अर्थानं. मग जुन्या प्लेटा काढून ताडून पाहिलं, तर त्यांतलं एक टिंब पूर्वीही उजळलेलं आणि मंदावलेलं. त्यांनी तो ‘एन’ खोडला आणि रूपविकारी या अर्थाचं ‘व्हीएआर!’ लिहिलं, उद्गारचिन्हासकट. सुमारे ३१ दिवसांच्या आवर्तनाचा तो सेफीड होता. हिशेब केला तर अंतर आलं सुमारे नऊ लाख प्रकाशवर्षं. आपल्या आकाशगंगेच्या कितीतरी बाहेर! देवयानी ही आकाशगंगेतली वायूची तेजोमेघिका नाही, स्वतंत्र दीर्घिका आहे, हे त्या एका टिंबानं ठरवलं.

मग नऊ लाखांचे पंचवीस लाख कसे झाले? वॉल्टर बाडे यांनी दाखवलं, की सेफीड दोन जातींचे असतात आणि त्यांची तेजं वेगळी असतात. १९५२ मध्ये ही दुरुस्ती झाली आणि सगळ्या दीर्घिका एका फटक्यात दुप्पट दूर गेल्या. पुढच्या नेमक्या मोजमापांनी आजचा आकडा आला. लेविट १९२१ मध्येच वारल्या. त्यांच्या नियमाचं हे फळ त्यांना पाहायला मिळालं नाही.

त्याहूनही दूरच्या दीर्घिकांचं काय?

काही कोटी प्रकाशवर्षांपलीकडे सेफीडही पुरत नाहीत. तिथे ‘वन-ए’ प्रकारचे अतिनवतारे, म्हणजे सुपरनोव्हा, कामी येतात. श्वेतबटू, म्हणजे इंधन संपलेल्या ताऱ्याचा उरलेला घट्ट गाभा, चंद्रशेखर मर्यादेच्या, म्हणजे सूर्याच्या १.४ पट वस्तुमानाच्या जवळ पोचला, की स्फोट होतो. या स्फोटांचं तेज जवळजवळ सारखं करून घेता येतं, आणि ते अब्जावधी प्रकाशवर्षांवरून दिसतात. पण त्यांचं तेज आधी सेफीड असलेल्या दीर्घिकांवरून ठरवावं लागतं, सेफीडांचं पराशयावरून, आणि पराशयाच्या तळाशी पृथ्वी-सूर्य अंतर. खालच्या पायरीत चूक झाली, की ती वर सगळीकडे जाते. म्हणूनच गाया यानानं ताऱ्यांचे पराशय इतक्या बारकाईनं मोजले, याचं मोल दीर्घिकांवर काम करणाऱ्यांनाही तेवढंच.

सर्वांत दूर उपयोगी पडते ती ताम्रसृती. विश्व प्रसरण पावतं आहे, त्यामुळे दूरच्या दीर्घिकेच्या प्रकाशाची तरंगलांबी वाटेत ताणली जाते. जीएमआरटीचं उदाहरण घ्या. हायड्रोजनचे अणू २१ सेंटिमीटर तरंगलांबीच्या लहरी सोडतात. हे विश्वात सगळीकडे सारखंच. २०२३ मध्ये जाहीर झालेल्या एका निरीक्षणात त्याच लहरी ४८ सेंटिमीटरच्या होऊन जीएमआरटीच्या खोडदमधल्या तबकड्यांवर आल्या. ४८ भागिले २१ म्हणजे सुमारे २.२९. त्यातून एक वजा केला, की ताम्रसृती १.२९. एवढं ताणायला लागलेला काळ निघतो ८.८ अब्ज वर्षं.

एकाच दीर्घिकेचं अंतर वेगवेगळ्या ठिकाणी वेगळं का दिलेलं असतं?

दोन कारणं. पहिलं, अंतर म्हणजे काय ते आधी ठरवावं लागतं. जेड्स-जीएस-झेड१४-० कडून निघालेला प्रकाश साडेतेरा अब्ज वर्षं प्रवास करत आला. पण तेवढ्या काळात अवकाश पसरलं, म्हणून ती दीर्घिका आज तेहतीस अब्ज प्रकाशवर्षांच्याही पुढे आहे. विश्वाचं वय १३.८ अब्ज असताना हे कसं, असा प्रश्न पडतो. त्याचं उत्तर या पसरण्यात आहे.

दुसरं कारण म्हणजे प्रसरणाचा वेग. सेफीड आणि अतिनवताऱ्यांवरून तो दर मेगापारसेकला, म्हणजे दर ३२.६ लाख प्रकाशवर्षांना, सेकंदाला ७३ किलोमीटरच्या आसपास येतो. विश्वाच्या बाल्यावस्थेतल्या प्रारणावरून ६७ येतो. दोघांचं मोजमाप काटेकोर, तरी आकडे जुळत नाहीत. यापूर्वीही असं झालं आहे: हबल यांच्या १९२९ च्या ५०० या आकड्यावरून विश्वाचं वय दोन अब्ज वर्षं निघत होतं, आणि पृथ्वीवरचे खडक त्याहून जुने होते. तेव्हा चूक अंतरांत होती. आताची गाठ कुठे आहे, ते अजून सुटलेलं नाही.

मुंबईहून देवयानी दीर्घिका बघायला कुठे जावं?

ऑक्टोबर ते डिसेंबर, अमावास्येच्या आसपास, उजेडापासून दूर. वांगणीला खगोल मंडळाचे आकाशदर्शनाचे कार्यक्रम वर्षानुवर्षं होतात. मुरबाड-माळशेजकडेही आकाश अजून बरं आहे. मुंबईच्या अक्षांशावरून देवयानी उत्तरेला सुमारे ६८ अंश उंचीपर्यंत चढते, म्हणजे जवळपास डोक्यावर येते. काळोखात ती नुसत्या डोळ्यांनी पुसट ढगासारखी दिसते. फोटोतल्यासारखे रंग आणि सर्पिल फाटे दिसणार नाहीत, हे मुलांना आधीच सांगा. नाही तर त्यांची निराशा होते आणि पुढच्या वेळी ती येत नाहीत.

शहरातच थांबायचं असेल तर वरळीचं नेहरू तारांगण आहे. आठवी-नववीपासून गणिताची गोडी असलेल्या मुलांनी मानखुर्दच्या होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्राच्या खगोलशास्त्र ऑलिंपियाडची माहिती घ्यावी. २०२५ ची आंतरराष्ट्रीय ऑलिंपियाड मुंबईतच झाली.

निरीक्षणाच्या वहीत काय लिहावं?

ठिकाण, साधन, आकाश कसं होतं, जवळचे ओळखीचे तारे, आणि सगळ्यात आधी वेळ. लघुग्रह मिनिटाला अर्धी विकला सरकतो, पृथ्वीजवळचा त्याहून कितीतरी जास्त, म्हणून अहवाल पाठवायचा असेल तर वेळ सेकंदापर्यंत हवी. जगभर जागतिक वेळ वापरतात: आपल्या घड्याळातून साडेपाच तास वजा करायचे. पहाटे साडेपाचच्या आतलं निरीक्षण असेल तर तारीखही आदल्या दिवसाची लिहायची. इथे तारीख चुकली, की नोंदलेली जागा पाव अंशानं भलतीकडे जाते आणि तो लघुग्रह कुणालाच सापडत नाही.